घाटमाथ्यावर समुद्रपक्ष्यांसाठी नैसर्गिक अधिवास कसा उभारावा

जून-जुलैमध्ये पश्चिमेचा वारा जोर धरतो, तेव्हा कोकण आणि गोव्याच्या किनाऱ्यावर थकलेले समुद्रपक्षी वाळूवर येऊन पडलेले सापडतात. त्यांत मास्क्ड बूबी हा मोठा समुद्रपक्षी असतो, ब्रायडल्ड टर्न किंवा सूटी टर्न (टर्न म्हणजे सुरय) असतो, आणि क्वचित एखादा पक्षी वाऱ्याबरोबर घाट ओलांडून आतही येतो. काही पक्षी उपचारानंतर सोडता येतात. परंतु पंखाचे हाड वेडेवाकडे जुळलेला किंवा एक डोळा गमावलेला पक्षी पुन्हा समुद्रावर जगू शकत नाही, आणि त्याला उरलेले आयुष्य कुठेतरी नीट काढता यावे लागते. बेळगाव किनाऱ्यापासून शंभर-सव्वाशे किलोमीटरवर आहे. भुतरामनहट्टी येथे कित्तूर राणी चन्नम्मा यांच्या नावाचे प्राणीसंग्रहालय आहे, आणि आंबोली व चोर्ला हे दोन्ही घाट हाताशी आहेत. समुद्रसपाटीपासून सुमारे साडेसातशे मीटर उंचीवरच्या अशा ठिकाणी समुद्रपक्ष्यांचा अधिवास आखायचा झाल्यास कोणत्या क्रमाने विचार करावा, हे या लेखात मांडले आहे. आराखडा काढणारे वास्तुविशारद, बांधकाम करून घेणारे अभियंते आणि पक्षी सांभाळणारे कर्मचारी या तिघांनाही तो उपयोगी पडावा, अशी इच्छा आहे.

आधी कायद्याचे थोडक्यात. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार वन्य पक्षी खाजगी जागेत ठेवता येत नाहीत. मान्यताप्राप्त प्राणीसंग्रहालयालाही नव्या अधिवासाचा आराखडा केंद्रीय प्राणीसंग्रहालय प्राधिकरणाकडून मंजूर करून घ्यावा लागतो. त्यामुळे पुढील सर्व मजकूर अशा संस्थेला उद्देशून आहे.

दिसणे आणि वापरता येणे

प्राणीसंग्रहालयात निसर्गाचा देखावा उभा करण्याची पद्धत जर्मन प्राणी-व्यापारी कार्ल हागेनबेक यांनी १९०७ मध्ये हॅम्बुर्गजवळ श्टेलिंगेन येथे रूढ केली. त्यांनी गज काढून टाकले आणि त्यांच्या जागी खंदक व कृत्रिम खडक आणले. तेव्हापासून जगभर असंख्य खडक उभारले गेले, पण त्यांतील बरेचसे प्रेक्षकाच्या डोळ्यांसाठी होते. लंडनच्या प्राणीसंग्रहालयातील १९३४ चा पेंग्विन तलाव या बाबतीत अभ्यासण्यासारखा आहे. बर्थोल्ड लुबेटकिन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी रचलेले एकमेकांत गुंफलेले काँक्रीटचे दोन उतार आजही वास्तुकलेचा उत्कृष्ट नमुना मानले जातात, आणि ती वास्तू जतन केलेली आहे. पेंग्विन मात्र २००४ मध्ये तिथून हलवण्यात आले. त्या कठीण पृष्ठभागावर चालून त्यांच्या तळपायांना इजा होत असे.

म्हणून माझा आग्रह असा आहे की आराखड्याची सुरुवात पक्ष्याच्या पायापासून, पिसापासून आणि श्वासापासून व्हावी. पाय कशावर टेकणार, पिसे कोणत्या पाण्याला लागणार आणि फुप्फुसांत कोणती हवा जाणार, या तीन प्रश्नांची उत्तरे मिळाली की खडकाचा रंग ठरवायला पुष्कळ वेळ उरतो. त्यासाठी कागदावर पहिली रेघ ओढण्यापूर्वी आराखडा करणाऱ्याने दोन ठिकाणी जाऊन यावे. एक म्हणजे कोकणातील एखादे मासेमारी बंदर. तिथे हिवाळ्यात कुरव (गल) आणि सुरय वाऱ्याकडे तोंड करून कसे बसतात, उडताना किती पावले धावतात, आणि शेजारच्या पक्ष्यापासून किती अंतर राखतात, हे तासभर शांत बसून मोजता येते. दुसरे म्हणजे कर्नाटकातील भद्रा जलाशयातील बेट, जिथे उन्हाळ्यात नदी सुरयांची मोठी वीण वसाहत भरते. नदी सुरय हा समुद्रपक्षी नव्हे. परंतु जमिनीवर, उघड्यावर, दाटीने घरटी करण्याची सुरय-कुळाची रीत तिथे जवळून समजते.

कोणते पक्षी ठेवावेत

समुद्रपक्षी म्हटले की लोकांच्या डोळ्यांपुढे पेंग्विन येतो. मुंबईच्या वीरमाता जिजाबाई भोसले उद्यानात २०१६ मध्ये हम्बोल्ट पेंग्विन आणले गेले, तेव्हापासून मराठी कुटुंबांत ही ओढ अधिकच वाढली आहे. तेथील पेंग्विन १६ ते १८ अंश तापमानाच्या बंदिस्त, थंड दालनात राहतात. बेळगावसारख्या ठिकाणी तो मार्ग धरू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. शीतकरणावर अहोरात्र अवलंबून असलेला अधिवास वीज गेल्यावर काही तासांतच धोक्याचा होतो. शिवाय आपल्याच किनाऱ्यावर जखमी होणाऱ्या पक्ष्यांना जागेची गरज असताना पेरू-चिलीचा पक्षी आणण्याचे कारण उरत नाही.

उष्ण कटिबंधातील बूबी, सुरय आणि कुरव यांना बेळगावचा उन्हाळा सावली व पाणी असेल तर सोसतो. हिवाळ्यातील रात्रीच्या थंड झोतापासून मात्र आडोसा द्यावा लागतो. या पक्ष्यांच्या गरजा एकमेकांपासून बऱ्याच वेगळ्या आहेत. सुरय हवेतून पाण्यात सूर मारतो आणि जमिनीवर घरटे करतो. बूबी जड असतो, त्याला उडण्यासाठी धाव किंवा उंच कडा लागते. कुरव पाण्याच्या पृष्ठभागावरचे खाद्य उचलतो आणि संधी मिळाली तर सुरयाची अंडी-पिल्लेही खातो. म्हणून कुरव व सुरय एका जाळीखाली ठेवायचे असल्यास वीण हंगामात मधला पडदा लावण्याची सोय आरंभीच करावी. बहुतेक समुद्रपक्षी वसाहतीत राहणारे आहेत. एकटा पक्षी किंवा एखादी जोडी ठेवल्यास त्यांचे वागणे मंदावते, म्हणून प्रजाती कमी आणि प्रत्येकीचे पक्षी जास्त, हे प्रमाण ठेवावे.

पाणी

आराखड्यातील सर्वांत अवघड भाग पाण्याचा आहे, आणि खर्चही इथेच सर्वाधिक होतो.

समुद्रपक्ष्याच्या डोळ्यांच्या वर, कवटीच्या खोबणीत, क्षारग्रंथी असतात. पोटात गेलेले जादा मीठ त्या रक्तातून काढून घट्ट खाऱ्या द्रावाच्या रूपाने नाकपुडीवाटे बाहेर टाकतात. पक्षी दीर्घकाळ केवळ गोड्या पाण्यावर राहिला की या ग्रंथी लहान होतात आणि त्यांचे काम मंदावते; असा पक्षी एकदम खाऱ्या पाण्यात सोडणे धोक्याचे असते. यावरून कोणालाही वाटेल की संपूर्ण तलावच खारा करावा. त्याचा हिशेब मांडून पाहू. दहा मीटर लांब, सहा मीटर रुंद आणि सरासरी एक मीटर खोल तलावात ६० हजार लिटर पाणी मावते. समुद्राच्या पाण्यात लिटरमागे सुमारे ३५ ग्रॅम क्षार असतात, म्हणजे एकदा तलाव भरायला २,१०० किलो मीठ लागेल. मीठ विकत घेता येईल, परंतु तलाव धुताना निघणारे खारे पाणी कुठे सोडणार? आपल्याकडे प्रत्येक नाल्याच्या कडेला कोणाची तरी विहीर, भाताचे खाचर किंवा उसाचा फड असतो. खारे पाणी जमिनीत मुरले तर ते पीक आणि ती विहीर दोन्ही बिघडतील, आणि असे नुकसान भरून यायला वर्षे लागतात.

म्हणून मुख्य तलाव गोड्या पाण्याचा ठेवावा आणि त्याच्या शेजारी, आपल्या वेगळ्या नळासह, दोन हजार लिटरचे एक खारे कुंड बांधावे. त्याला सुमारे ७० किलो आयोडीनविरहित खडे मीठ पुरते. निघालेले खारे पाणी सिमेंटच्या उथळ वाफ्यांत उन्हाने आटवून मीठ गोळा करता येते, आणि पावसाळ्यात हे वाफे छपराखाली घ्यावे लागतात. पक्षी दोन्ही पाणी आपल्या इच्छेने वापरतात. ज्यांना पुढे समुद्रावर सोडायचे आहे, त्यांच्या बाबतीत खाऱ्या पाण्याची आणि मिठाच्या मात्रेची वाढ पशुवैद्यकाच्या देखरेखीखाली टप्प्याटप्प्याने करावी.

पिसांचे गणित याहून नाजूक आहे. पिसाच्या बारीक तंतूंची वीण घट्ट असेपर्यंतच पक्षी कोरडा राहतो. पाण्यावर मासळीच्या तेलाचा पातळ तवंग आला तरी ही वीण विस्कटते, पाणी थेट त्वचेपर्यंत पोहोचते आणि पक्षी भिजून गारठतो. तळातून पाणी ओढणारी नेहमीची गाळणी हा तवंग काढू शकत नाही. त्यासाठी तलावाच्या काठाबरोबर सांडवा ठेवावा, म्हणजे वरचा थर सतत वाहून जातो. सांडवा वारा ज्या बाजूला तवंग ढकलतो त्या बाजूला हवा. बेळगावात पावसाळ्यात वारा पश्चिमेचा आणि हिवाळ्यात बहुधा पूर्वेचा असतो, म्हणून पूर्व आणि पश्चिम अशा दोन्ही काठांना सांडवे द्यावेत व ऋतूप्रमाणे एक उघडा ठेवावा. संपूर्ण तलावाचे पाणी दर दोन तासांत एकदा गाळले जाईल असा पंप घ्यावा. वरच्या उदाहरणात तो तासाला ३० हजार लिटरचा होतो. वाळूच्या गाळणीनंतर ओझोनची प्रक्रिया करता आली तर उत्तम. क्लोरीनचा आधार घ्यायचा असेल, तर ते पाणी पक्ष्यांपर्यंत पोहोचण्याआधी त्यातील शिल्लक क्लोरीन काढून टाकावे.

सूर मारणाऱ्या पक्ष्यांसाठी तलावाचा एक भाग दीड मीटरपर्यंत खोल असावा आणि त्याच्या वर मोकळी उंची असावी. दुसऱ्या टोकाला तळ हळूहळू वर येत वाळूला मिळावा, कारण पंखाने अधू असलेल्या पक्ष्याला उभ्या भिंतीवरून पाण्याबाहेर येता येत नाही. लाटेसाठी महागडे यंत्र आवश्यक नाही. वर टांगलेली, भरली की आपोआप कलंडणारी पाण्याची टाकी ठराविक अंतराने लाट उठवते, आणि त्या लाटेने किनाऱ्यावरची विष्ठाही धुतली जाते. उन्हाळ्यात रोज पाच-सहा मिलिमीटर पाणी बाष्प होऊन जाते, असे धरून भरपाईची टाकी मोजावी. साठ चौरस मीटरच्या तलावासाठी ते दिवसाला साडेतीनशे लिटरच्या आसपास भरते.

पायाखालची जमीन आणि कडा

एकाच प्रकारच्या सपाट, कठीण जमिनीवर सतत उभे राहिल्याने पक्ष्याच्या तळपायाला सूज येते, त्वचा फाटते आणि जखम हाडापर्यंत चिघळते. याला बम्बलफूट म्हणतात. बंदिवासातील जड समुद्रपक्ष्यांत हे दुखणे फार आढळते आणि बरे व्हायला फार वेळ घेते. त्यावर उपाय विविधतेचा आहे: काही भाग वाळूचा, काही गुळगुळीत नदीगोट्यांचा, काही रबरी थराने मढवलेला, आणि बसण्याच्या जागा वेगवेगळ्या रुंदीच्या व उताराच्या.

आपल्या भागात चिरा, म्हणजे जांभा दगड, सहज मिळतो, म्हणून कडा जांभ्याची करावी असा विचार गवंड्यापासून अधिकाऱ्यापर्यंत सर्वांच्या मनात येतो. बाहेरच्या आधारभिंतीसाठी तो जरूर वापरावा. पक्ष्यांच्या बाजूला मात्र उघडा जांभा ठेवू नये. त्याची छिद्रे ओल धरतात, त्यांत बुरशी आणि विष्ठा साठते, आणि त्याची खरखर पायांना सोलते. आतील पृष्ठभागाला गुळगुळीत गिलावा करून तो जलरोधक करावा आणि सर्व कोपरे गोल करावेत. रंग जांभ्यासारखा तांबूस देण्यास हरकत नाही, कोकणातील पुष्कळ कडे तसेच दिसतात. खाऱ्या कुंडाजवळच्या काँक्रीटमधील लोखंड लवकर गंजते, तिथे इपॉक्सीचा लेप दिलेल्या सळया वापराव्यात.

कड्याचे तोंड असे ठेवावे की पक्षी वाऱ्याकडे झेप घेऊ शकेल. बूबीसाठी माथ्यावर चार-पाच मीटरची मोकळी धावपट्टी असावी. सुरयांसाठी १० ते १५ सेंटिमीटर जाडीचा शिंपल्यांच्या चुऱ्याने मिसळलेला वाळूचा थर द्यावा, त्याखाली खडीचा निचरा थर असावा आणि ही जागा तलावाच्या पातळीपेक्षा निश्चित उंच असावी. नदीवरच्या वाळूबेटांतील घरटी पाणी वाढले की वाहून जातात. तसे आपल्या हाताने घडू देऊ नये. ब्रायडल्ड टर्न दगडाच्या आडोशाला किंवा कपारीत अंडे घालतो, त्याला कड्याच्या पायथ्याशी बुटक्या कपारी हव्यात. बिळात राहणारा शिअरवॉटर कधी उपचारासाठी आला, तर त्याच्यासाठी खानापूरच्या कुंभारांकडून आतून चकाकी दिलेले भाजक्या मातीचे नळ करून घ्यावेत. नळाला एक वळण असावे, म्हणजे आतल्या खणात उजेड पोहोचत नाही, आणि खणाला वरून उचलता येणारे झाकण असावे.

झाडे थोडी आणि विचारपूर्वक लावावीत. मर्यादवेल वाळूत चांगली पसरते, केवडा आणि उंडी किनाऱ्याची आठवण करून देतात. परंतु विष्ठेतील नत्राने झाडे जळतात, म्हणून ती पक्ष्यांच्या बसण्याच्या जागांपासून दूर असावीत. कण्हेर विषारी आहे. ती कुठेच नको.

ओल, बुरशी आणि डास

बेळगाव शहरात वर्षाला साधारण १,२०० ते १,३०० मिलिमीटर पाऊस पडतो. पश्चिमेला घाटातील कणकुंबीच्या बाजूला तो दुपटीहून अधिक असतो आणि कोरड्या भागातील अथणीकडे निम्म्याहून कमी. जागा निवडताना हा फरक लक्षात घ्यावा, कारण इथे समुद्रपक्ष्याचा सर्वांत मोठा शत्रू ही चार महिन्यांची ओल आहे. अ‍ॅस्परजिलस नावाची बुरशी कुजणाऱ्या पाल्यात आणि दमट गवतात वाढते आणि तिचे बीजाणू श्वासावाटे पक्ष्याच्या फुप्फुसांत व हवेच्या पिशव्यांत जातात. आजाराची लक्षणे दिसू लागतात तेव्हा बहुधा उशीर झालेला असतो. म्हणून अधिवासात पेंढा, वाळके गवत, भुसा किंवा नारळाचा काथ्या अजिबात वापरू नये. मोकळी हवा खेळती राहील अशी रचना करावी, आणि एक-तृतीयांश भागावर पक्के छप्पर घालावे. निरोगी पक्षी पावसात आनंदाने राहतो. आजारी पक्ष्याला कोरडी जागा निवडता आली पाहिजे.

डासांवाटे पसरणारा पक्ष्यांचा मलेरियाही काही समुद्रपक्ष्यांना घातक ठरतो. त्यासाठी रात्रीच्या निवाऱ्याला बारीक जाळी लावावी, आणि परिसरात कुठेही, अगदी कुंड्यांच्या ताटलीतही, पाणी साचू देऊ नये.

वरची जाळी पोलादी दोरीची, न गंजणारी असावी. नायलॉन उन्हाने कमकुवत होते. जस्ताचा मुलामा दिलेल्या तारेचे तुकडे पक्ष्याच्या पोटात गेल्यास विषबाधा होते. न्यूयॉर्कच्या ब्रॉंक्स प्राणीसंग्रहालयातील समुद्रपक्ष्यांचे जुने पक्षीगृह १९९५ मध्ये बर्फाच्या भाराखाली कोसळले आणि १९९७ मध्ये त्या जागी नवे उभारावे लागले. आपल्याकडे बर्फ पडत नाही, पण वळवाच्या पावसात गारा आणि मोडलेल्या फांद्या जाळीवर साचतात. अभियंत्याने हा भार मोजलाच पाहिजे. मुंगूस, घूस आणि मांजर आत शिरू नये म्हणून जाळी जमिनीखाली किमान ६० सेंटिमीटर उतरवून बाहेरच्या बाजूला वळवावी. खाद्य देण्याची जागा छपराखालीच असावी, म्हणजे कावळे-घारींची विष्ठा त्यात पडत नाही आणि बर्ड फ्लूचा धोका कमी होतो.

मासळी आणि मागची खोली

प्रेक्षकांना न दिसणारा भाग आराखड्यात नेहमी आक्रसतो, आणि पुढे कर्मचारी त्याचे हाल सोसतात. विलगीकरणाची स्वतंत्र खोली (नव्या पक्ष्यासाठी किमान ३० दिवस), उपचारकक्ष, मासळी धुण्याचा ओटा आणि उणे १८ अंशांखालील शीतपेटी यांना जागा आधी द्यावी. कर्नाटक आणि गोव्याच्या किनाऱ्यावर यांत्रिक मासेमारी साधारणपणे १ जून ते ३१ जुलै अशी ६१ दिवस बंद असते. रोज पाच किलो मासळी लागत असेल, तर या काळासाठी ३०५ किलो लागते. नासाडी धरून ३५० किलोची साठवण आणि तिला पुरेल असा जनरेटर हवाच. साठा मे महिन्यातच भरावा.

तारली, बांगडा यांसारखी मासळी अख्खी द्यावी. गोठवलेल्या मासळीत थायमिन (ब-१ जीवनसत्त्व) घटते, आणि काही जातींतील विकर (एन्झाइम) ते नष्टही करते. म्हणून मासळीच्या प्रत्येक किलोमागे २५ ते ३० मिलिग्रॅम थायमिन आणि १०० एकके ई जीवनसत्त्व देण्याची पद्धत आहे. मासळी फ्रिजमध्ये हळूहळू वितळवावी. पाण्यात टाकून वितळवू नये. ती देण्यापूर्वी स्वच्छ धुतली, तर तलावावरचा तवंगही कमी होतो.

पाहणारे लोक

प्रेक्षकांची वाट एकाच बाजूने असावी आणि ती पक्ष्यांच्या बसण्याच्या जागांपेक्षा खालून जावी. खाली पाहणाऱ्या पक्ष्याला माणसाची भीती कमी वाटते. काचेवर पाच-पाच सेंटिमीटर अंतराने उभ्या रेघा असाव्यात, नाहीतर पक्षी तिच्यावर आदळतात. नदीचा पूल ओलांडताना पाण्यात नाणे टाकण्याची आपल्या घराघरांत श्रद्धा आहे. इथे मात्र गिळलेले नाणे पक्ष्याचा जीव घेऊ शकते, हे कन्नड, मराठी आणि इंग्रजी फलकांवर आदराने, कारणासह लिहावे. गणेशोत्सवात आणि दिवाळीत ध्वनिक्षेपक व फटाके वाजतात, त्या रात्री पक्ष्यांना आतल्या निवाऱ्यात घ्यावे. अंधार पडल्यावर अधिवासातील दिवे बंद असावेत.

बांधकाम फेब्रुवारीपर्यंत संपवून तलाव भरावा आणि पहिला संपूर्ण पावसाळा अधिवास रिकामा चालवावा. पाणी कुठे ठिबकते, शेवाळ कोणत्या कपारीत धरते, सांडव्यात पाला किती अडकतो, वाळूखालचा निचरा ऑगस्टच्या झडीत टिकतो की नाही, हे सर्व रोज लिहून ठेवावे आणि सप्टेंबरमध्ये दुरुस्त करावे. ऑक्टोबरच्या अखेरीस पहिले दोन-तीन पक्षी सोडावेत. पुढील महिनाभर सकाळ-संध्याकाळ एकेक तास, दर दहा मिनिटांनी, प्रत्येक पक्षी कुठे आहे याची नकाशावर खूण करावी. ज्या कपारीवर किंवा वाळूच्या पट्ट्यावर महिन्यात एकही खूण पडली नाही, तेथील उतार, सावली किंवा वारा बदलून पुन्हा महिनाभर नोंद घ्यावी, आणि मगच उरलेले पक्षी आणावेत.